ओट्यावरचा खोडवा

कांदा चिरायला घेतला की सुरी आधी त्याच्या बुडावर चालते. मुळांची वाळलेली दाढी असलेली ती एवढीशी चकती ओल्या कचऱ्याच्या डब्यात जाते आणि आपण पुढच्या कामाला लागतो. एकदा कांदा आडवा न कापता बुडापासून शेंड्यापर्यंत उभा कापून बघा. तळाशी पांढरा, घट्ट, जेमतेम अर्ध्या सेंटिमीटरचा चपटा भाग दिसेल. सगळे पापुद्रे त्यातच रोवल्यासारखे उभे असतात. कांदा जरा जुना असेल तर अगदी मधोमध पोपटी रंगाचा कोंबही वर सरकलेला दिसेल. ती चकती म्हणजे कांद्याचं खोड. आपण खातो ते पापुद्रे म्हणजे अन्न साठवून जाड झालेले पानांचे बुंधे. थोडक्यात, आपण पानं खातो आणि झाड फेकून देतो.

हे समजल्यापासून माझ्या ओट्याच्या कडेला, खिडकीखाली, एक उथळ वाटी कायम असते. कांद्याचं बूड दीड-दोन सेंटिमीटर जाडीचं कापायचं, तासभर कापलेली बाजू सुकू द्यायची आणि फक्त चकती भिजेल एवढ्या पाण्यात ठेवायचं. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी वाळलेल्या दाढीच्या कडेकडेने नवी, पांढरीशुभ्र, टोकदार मुळं बाहेर पडतात. वाळलेली मुळं पुन्हा जिवंत होत नाहीत. चकतीच्या कडेला नवीच मुळं फुटतात. चार-सहा दिवसांत मधून हिरवी पात वर येते.

उसाच्या पट्ट्यातल्या माणसाला यात नवल वाटणार नाही. तिकडे पहिल्या पिकाला लागण म्हणतात. ऊस जमिनीलगत तोडला की जमिनीतल्या बुडख्यावरचे डोळे फुटतात आणि नवं बेणं न लावता दुसरं पीक उभं राहतं, तो खोडवा. त्याच्या पुढचा निडवा. लागणीसाठीसुद्धा कोणी उसाचं बी पेरत बसत नाही, दोन डोळ्यांची टिपरी मातीत आडवी टाकतात. स्वयंपाकघरातल्या उरल्यासुरल्या तुकड्यांतून पुन्हा भाजी घेणं हा त्याच खोडव्याचा घरगुती प्रकार आहे. आणि शेतकऱ्याचा नियम इथेही तसाच लागू पडतो: आधी डोळा बघायचा. ज्या तुकड्याला डोळा आहे तो उगवेल. ज्याला नाही तो पाण्यात कितीही दिवस ठेवा, कुजेल.

डोळा म्हणजे काय? शाळेत आपण विभाजी ऊती हा शब्द शिकलो होतो. वनस्पतीच्या शरीरात काही ठरावीक जागी अशा पेशी असतात की ज्यांचं पुढे काय व्हायचं ते अजून ठरलेलं नसतं. खोडाच्या टोकाला, पानाच्या बगलेत, मुळाच्या टोकाशी त्या असतात आणि तिथे विभागत राहतात. बटाट्यावरच्या खळग्या, आल्यावरचे फुगीर कोंब, पुदिन्याच्या काडीवरची पेरं, कांद्याच्या चकतीचा मध्य, या सगळ्या अशाच जागा आहेत. बटाटा मातीखाली वाढतो म्हणून आपण त्याला मूळ समजतो, पण तो खोड आहे, आणि म्हणूनच त्याला डोळे आहेत. आलं, हळद, अळूचा कांदा हेही खोडच. पानफुटीचं पान वहीत ठेवून त्याच्या कडेला रोपं फुटलेली ज्यांनी लहानपणी पाहिली आहेत त्यांना ठाऊक आहे की एखाद्या वनस्पतीच्या पानालाही अशा जागा असतात. पण तो अपवाद. कोथिंबिरीच्या पानाला त्या नसतात.

याबाबत विज्ञानातली एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. वनस्पतीची प्रत्येक जिवंत पेशी, संधी मिळाली तर, अख्खी वनस्पती घडवू शकेल, असा विचार ऑस्ट्रियाचे गॉटलिब हाबरलांट यांनी १९०२ मध्ये मांडला होता. त्यांना स्वतःला ते करून दाखवता आलं नाही. पुढे १९५८ मध्ये अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठात एफ. सी. स्टुअर्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गाजराच्या मुळातले बारीक तुकडे घेतले, ते पोषक द्रावणात वाढवले आणि सुट्या झालेल्या पेशींपासून गाजराची पूर्ण रोपं मिळवून दाखवली. त्या द्रावणात त्यांनी घातलं होतं नारळाचं पाणी. नारळाचं पाणी म्हणजे त्या फळातल्या गर्भासाठी साठवलेलं द्रवरूप अन्न, आणि पेशींना विभागायला लावणारी संप्रेरकं त्यात भरपूर असतात. आज केळीची हजारो रोपं बाटल्यांमध्ये तयार होतात ती याच वाटेवरच्या ज्ञानामुळे.

मग ओट्यावर गाजराची चकती पाण्यात ठेवली तर गाजर का येत नाही? कारण प्रयोगशाळेत निर्जंतुक बाटली होती, मोजलेली संप्रेरकं होती, आठवडेच्या आठवडे राखलेला संयम होता. ओट्यावर जंतू आधी पोचतात. गाजर, मुळा, बीट ही खरी मुळं आहेत. त्यांना डोळा असतो तो फक्त वरच्या टोकाला, जिथे पानांचे देठ जुळतात तिथे. त्या डोक्याचा दोन सेंटिमीटरचा तुकडा पाण्यात ठेवला तर त्यातून पानं येतील, हिरवीगार येतील, पण खालचं कंदासारखं मूळ पुन्हा धरणार नाही. ‘गाजरातून गाजर उगवा’ असं जे सांगितलं जातं ते सरळ चूक आहे. लहान मुलांना दाखवायला तो प्रयोग छान आहे, भाजी म्हणून त्यावर विसंबू नये.

मुळ्याची गोष्ट मात्र वेगळी, आणि ती माझ्या विशेष आवडीची. मुळा पहिल्या टप्प्यात मुळात अन्न साठवतो आणि नंतर ते अन्न वापरून फुलतो. म्हणून बियाणं घेणारे शेतकरी चांगले मुळे उपटतात, खालचा भाग कापून टाकतात, पाल्याचाही शेंडा छाटतात आणि वरचं डोकं पुन्हा मातीत लावतात. त्यालाच पुढे फुलं आणि शेंगा येतात. घरीही हे जमतं. थंडीत ताजा, पाल्यासकट मुळा आणला तर वरचा चार-पाच सेंटिमीटरचा तुकडा, मधला कोवळा कोंब न दुखावता, ओलसर मातीत थेट लावा. मुळा पुन्हा मिळणार नाही, पण महिना-दीड महिन्यात दांडा वर येईल, पांढरी-जांभळट फुलं येतील आणि त्यांच्या मागोमाग डिंगऱ्या. मूठभर कोवळ्या डिंगऱ्यांची भाजी, तीही बाजारात क्वचितच दिसणारी, टाकून द्यायच्या तुकड्यातून मिळते. कांद्याचंही असंच आहे. नाशिक-नगरकडे बियाण्यासाठी निवडक कांदे पुन्हा जमिनीत लावतात, त्यांना डेंगळे येतात, पांढऱ्या फुलांचे गेंद धरतात, मधमाश्या येतात आणि मग कांद्याचं काळं बी मिळतं. बुडाच्या तुकड्यातून बाजारातल्यासारखा गोल मोठा कांदा सहसा होत नाही. आपल्याला मिळते ती पात.

पुदिना, तुळस, मायाळू यांच्या काड्यांना मुळं फुटतात त्यामागे वेगळी यंत्रणा आहे. पुदिन्याची जुडी निवडताना पानं खुडून काड्या टाकल्या जातात. त्यातली एक जाडसर, ताजी काडी घ्या. तिच्यावर ठरावीक अंतराने पानांच्या जोड्या निघतात, ती पेरं. एका पेराच्या थोडं खाली तिरका काप द्या, खालची पानं काढा, वरची दोन-चार राखा आणि दोन पेरं बुडतील अशी काडी पेल्यात ठेवा. शेंड्याकडच्या कोवळ्या पानांत ऑक्झिन नावाचं संप्रेरक तयार होतं आणि खोडातून खाली वाहत जातं. काडी कापली की त्याची वाट तिथे अडते, ते कापाजवळ साठतं आणि पेरापाशी मुळं फुटायला लागतात. वरची सगळी पानं ओरबाडलेली काडी म्हणूनच मागे पडते, तिच्याकडे तो निरोप पाठवणारं कोणी उरलेलं नसतं. साधारण आठवडा-दहा दिवसांत पेराभोवती पांढऱ्या धाग्यांचा झुबका होतो. तो बोटभर झाला की काडी कुंडीत लावायची. पुदिना जमिनीलगत पसरतो, म्हणून कुंडी उंच नको, पसरट हवी, आणि शक्यतो त्याची वेगळी. शेजारी दुसरं रोप लावलंत तर पुदिना त्याला जागा ठेवत नाही.

गवती चहाला तर कष्टच नाहीत. जुडी घेताना तळाशी पांढरट, घट्ट बुंधा असलेल्या काड्या निवडून घ्यायच्या. नुसत्या कापलेल्या पानांना मुळं येणार नाहीत. पण बुंध्यासकट असलेली काडी पाण्यात ठेवली की मुळं धरते आणि मातीत लावली की वर्षभरात तिचा ठोंब होतो.

आता पाण्याबद्दल स्पष्ट बोललं पाहिजे, कारण बहुतेकांचा प्रयोग इथेच फसतो. नळाच्या पाण्यात रोपाला लागणारं अन्न जवळजवळ नसतं. वाटीतली कांद्याची पात वाढते ती बुडात उरलेल्या साठ्यावर. म्हणून पहिली कापणी जोमदार असते, दुसरी बारीक, तिसरी पिवळसर आणि लुळी. बूड मऊ पडलं, पाण्याला वास आला, की समजावं साठा संपला. त्याआधीच, म्हणजे मुळं दोन-तीन सेंटिमीटरची झाली की, तुकडा मातीत गेला पाहिजे. पाणी रोज बदलायचं, बूड हलक्या हाताने धुवायचं. यामागे आणखी एक कारण आहे. डेंगी पसरवणारा एडिस डास घरातल्या स्वच्छ, साचलेल्या पाण्यात अंडी घालतो आणि अंड्यापासून डास व्हायला सात ते दहा दिवस पुरतात. कुंड्यांखालच्या ताटल्या आणि मनीप्लँटच्या बाटल्या तपासायला पालिकेचे कर्मचारी पावसाळ्यात घरी येतात ते याचसाठी. ओट्यावरची वाटी आणि पुदिन्याचा पेला हीसुद्धा साचलेल्या पाण्याचीच भांडी आहेत.

पण कांद्याची पात किंवा पुदिना ही झाली सुरुवात. या सगळ्या उद्योगात घरात जागा देण्याच्या लायकीचं सर्वांत पहिलं पीक माझ्या मते आलं आहे. फेब्रुवारी-मार्चनंतर टोपलीतल्या आल्याकडे नीट बघा. थंडीत गप्प असलेले डोळे फुगू लागतात, टोकं पिवळट-हिरवी आणि चमकदार होतात. ही त्याची जागं होण्याची वेळ. साताऱ्याकडचे आले उत्पादक बेणं लावतात तेही अक्षय्य तृतीयेच्या आसपास, आणि घरातल्या कुंडीलाही तोच मुहूर्त चांगला. २५ ते ५० ग्रॅमचा, निदान एक-दोन टपोरे डोळे असलेला तुकडा मोडून घ्या. सुरकुतलेला नको, बुरशीचा डाग असलेला तर नकोच. मोडलेली बाजू एक-दोन दिवस सावलीत सुकू द्या. मग पसरट कुंडीत, भुसभुशीत मातीत, डोळा वर करून, चार-पाच सेंटिमीटर खोल लावा. पहिला कोंब वर यायला दोन-तीन आठवडे, कधी त्याहून जास्त लागतात आणि याच काळात अधीरपणा नडतो. माती उकरून बघू नका. पाणी बेताचंच द्या.

माझं पहिलं आलं जुलैत गेलं. पानं चांगली हातभर झाली होती, मग एका बाजूने पिवळी पडली. खोड ओढलं तर अलगद हातात आलं, तळ मऊ झालेला आणि आंबूस वास. शेतकरी ज्याला कंदकूज म्हणतात तीच ही. कुंडीच्या तळाचं भोक मातीने बुजलं होतं आणि पावसाचं पाणी आत साचून राहिलं होतं. पुढच्या वर्षी भोकावर खापरीचा तुकडा, त्यावर विटांचे बारीक तुकडे, मातीत नारळाचा भुसा आणि पावसाळ्यात कुंडी पागोळ्यांपासून दूर, एवढाच फरक केला आणि आलं टिकलं. आल्याला दिवसभराचं कडक ऊन लागत नाही, त्यामुळे पूर्वेच्या खिडकीतही ते तग धरतं. आठ-नऊ महिन्यांनी, थंडीत पानं पिवळी पडून झोपली की काढायचं. पण त्याआधीही कडेची माती बोटाने सारून चहापुरता कोवळा तुकडा मोडून घेता येतो आणि रोप पुढे वाढत राहतं. अशा कोवळ्या आल्याला रेषा नसतात आणि साल खरवडायचीही गरज पडत नाही.

हळदीचं तंत्र तेच, लावण्याची वेळही तीच. मात्र बरणीतलं हळकुंड उगवत नाही, कारण ते शिजवून वाळवलेलं असतं. लागते ती ओली हळद, भाजीवाल्याकडे मिळते ती. शेतकरी बेण्यासाठी जेठे गड्डे निवडतात, आपल्याला बाजारात बहुधा बोटांसारखे तुकडे मिळतात, तेही चालतात. खिडकीतल्या कुंडीतून वर्षभराची हळद निघणार नाही, पण पानं मिळतात आणि मला विचाराल तर पानांसाठीच हळद लावावी. मे महिन्यात लावलेल्या तुकड्याला श्रावणात लांबरुंद, सुगंधी पानं येतात आणि कोकणात नागपंचमीला पातोळे करायला तीच लागतात. गोव्यात नागपंचमीबरोबरच ख्रिस्ती घरांतही १५ ऑगस्टच्या सणाला पातोळ्या होतात. ज्यांची घरं कोकण-गोव्यापासून लांब आहेत त्यांना ऐन वेळी हळदीची पानं शोधत फिरावं लागतं. एक तुकडा, एक कुंडी, तीन महिने, एवढ्यात तो शोध थांबतो.

लसणाचं वेळापत्रक याच्या उलट. त्याला गड्डा धरायला थंडी लागते, म्हणून लावायचा दिवाळीच्या सुमारास. पाकळी सोलायची नाही. चपटं बूड खाली, टोक वर. मुंबईसारख्या उबदार ठिकाणी गड्डा भरेलच असं नाही, पण पात नक्की येते आणि ओल्या लसणाच्या पातीची हिरव्या मिरच्यांबरोबर वाटलेली चटणी भाकरीबरोबर खाल्ली की गड्ड्याची आठवण राहत नाही. लागवडीच्या लसणाला सहसा बी धरत नाही. पिढ्यान्‌पिढ्या पाकळीतूनच पाकळी होत आली आहे, म्हणजे एका जातीचा सगळा लसूण ही एकाच झाडाची हुबेहूब नक्कल. चव टिकते हा याचा फायदा, आणि रोगही टिकतो हा तोटा. बटाट्यात हा तोटा सर्वांत ठळक दिसतो. मावा किडीबरोबर येणारे विषाणू एका कंदातून पुढच्या कंदात जातात आणि दरवर्षी पीक खालावतं. म्हणून तर शिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेने मैदानी प्रदेशात मावा कमी असतो त्या दिवसांतच बेण्याचा बटाटा घेण्याची पद्धत बसवून दिली. घरातला कोंब आलेला बटाटा थंडीच्या तोंडावर पोत्यात जरूर लावा, पाव-अर्धा किलो नवे बटाटे मिळण्याचा आनंद मोठा असतो. मात्र त्याच बटाट्यांचं बेणं वर्षानुवर्षं धरू नका. आणि एक काळजी: उजेडात हिरवा पडलेला बटाटा आणि बटाट्याची पानं विषारी असतात. ती भाजी समजून कोणी खाऊ नये, कोंबही काढून टाकावेत.

बियांबद्दल थोडक्यात. कोथिंबिरीची मुळं लावली तर थोडी पालवी येते आणि रोप लगेच फुलावर जातं, त्यापेक्षा डब्यातले धने पेरा. धना हे खरं म्हणजे फळ आहे, आत दोन बिया असतात. लाटण्याने हलकेच दाबून त्याचे दोन भाग करा, रात्रभर भिजवा आणि पेरा. उन्हाळ्यात मसाल्यासाठी सुक्या मिरच्यांची देठं काढताना ताटात बिया सांडतात, न भाजलेल्या असतील तर त्या जूनमध्ये उगवतात. टोमॅटोच्या बियांभोवतीचा बुळबुळीत थर त्यांना उगवू देत नाही, म्हणून गर दोन-तीन दिवस आंबवून बिया धुऊन घ्याव्या लागतात. मात्र बाजारातला टोमॅटो बहुधा संकरित, त्यामुळे मुलं आईसारखी निघतीलच असं नाही. कढीपत्त्याच्या काडीच्या नादी लागू नका, ती क्वचितच धरते. कोणाच्या अंगणात झाड असेल तर त्याच्या मुळातून फुटलेलं पिल्लू मागून आणा.

मराठी घरांना हे सगळं अगदीच परकं नव्हतं. मोरीचं पाणी जिथे बाहेर पडायचं तिथे अळू आणि केळ असायची. वेगळं पाणी घालावं लागत नसे, वेगळी जागा लागत नसे, आणि बाजारातून आणलेल्या अळूच्या एका कांद्यापासून पुढे वर्षानुवर्षं वड्या होत. पुढे मोरीचं पाणी गटारात गेलं आणि अंगणांच्या जागी इमारती आल्या. कोल्हापूरचे श्री. अ. दाभोळकर यांनी ‘प्रयोग परिवारा’च्या माध्यमातून सामान्य माणसांना आपल्या वाट्याच्या थोड्याशा जागेत, घरच्याच पालापाचोळ्यातून माती घडवत, स्वतः प्रयोग करायला उभं केलं, ते मला या बदलाला दिलेलं उत्तर वाटतं. कारण तुकडा उगवला तरी पुढे त्याला माती लागते, आणि ज्या डब्यात आपण कांद्याचं बूड टाकत होतो त्याच डब्यातल्या सालींचं, देठांचं, चहाच्या चोथ्याचं कंपोस्ट ती माती बनते. ज्याला डोळा आहे ते कुंडीत, ज्याला नाही ते खताच्या डब्यात. मग स्वयंपाकघरातून बाहेर जायला फारसं काही उरत नाही.

यातून घराचा भाजीखर्च सुटेल असं मी सांगणार नाही, तो सुटत नाही. कोबीचं बूड, लेट्यूसचा बुंधा, गाजराचं डोकं यांना जागा देऊन फार काही हाती लागत नाही. जागा एकाच खिडकीची असेल तर तिथे आलं, हळद, पुदिना आणि गवती चहा लावा, थंडीत त्यात लसूण वाढवा. आज संध्याकाळी पुदिना निवडाल तेव्हा एक काडी वरच्या पानांसकट बाजूला काढा, पेल्यात ठेवा आणि उद्या सकाळी तिचं पाणी बदला.